ऑरेंज अलर्ट आला की नेमकं काय करायचं? आई गुहागरला एकटी असते

ठाण्यातला_गुहागरकर:
नमस्कार मंडळी. आई गावी एकटी, घर कौलारू, पडवीला अगदी लागून दोन माड. पावसाळ्यात रत्नागिरीला कधी यलो कधी ऑरेंज, मी घाबरून फोन करतो तर ती म्हणते अरे इथं लख्ख ऊन पडलंय, आता तर ती मेसेज बघतच नाही आणि मला त्याचीच जास्त भीती वाटते. भाऊ अमेरिकेत ओक्लाहोमाला आहे, तिकडे टोर्नेडोचा भोंगा वाजला की मिनिटांत आसरा गाठतात म्हणे. आपल्याकडे येतो का टोर्नेडो?

ढगवेडा:
टोर्नेडोची काळजी सोडा. भारतात तो क्वचित होतो आणि झालाच तर जास्त करून बंगाल, ओडिशाकडे. तो मोठ्या गडगडाटी ढगातून खाली येतो, रुंदी बहुतेक वेळा काहीशे मीटर, मिनिटांचा खेळ. म्हणून तिकडे 'वॉच' म्हणजे होऊ शकतो आणि 'वॉर्निंग' म्हणजे रडारवर किंवा डोळ्यांनी दिसला, पळा. आपलं चक्रीवादळ शेकडो किलोमीटर पसरलेलं, समुद्रात दिवसेंदिवस चालणारं, त्यामुळे आधी कळतं. अरबी समुद्रात ती मुख्यतः पावसाळ्याच्या आधी मे-जूनमध्ये नाहीतर नंतर ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये.
आता रंग. यलो म्हणजे लक्ष ठेवा, ऑरेंज म्हणजे तयारीत राहा, रेड म्हणजे हातपाय हलवा. हा इशारा अख्ख्या जिल्ह्याला असतो, मंडणगडपासून राजापूरपर्यंत. दापोलीत धो धो कोसळला आणि गुहागरात ऊन पडलं तरी अंदाज चुकला असं होत नाही. हवामान खात्याच्या हिशोबात 24 तासांत 115.6 मिमीच्या वर म्हणजे अतिमुसळधार, 204.4 च्या वर गेला की अत्यंत मुसळधार. सकाळी जिल्ह्याचा रंग बघा आणि दिवसभर तीन तासांचा नाऊकास्ट, म्हणजे पुढच्या तीन तासांचा ताजा अंदाज, बघत राहा. विजांसाठी दामिनी ॲप आईच्या फोनमध्ये टाकून द्या.

श्रीवर्धनची_बाग:
ऊन पडलंय यावर विसंबू नका हो, कळकळीने सांगते. 3 जून 2020 ला निसर्ग चक्रीवादळ आलं, आम्ही सगळे शाळेत जाऊन बसलेलो. सासऱ्यांनी आदल्या दिवशी कौलं बघितली, पत्र्यांवर दगड ठेवले, पण वाऱ्यापुढे दगड कसले टिकतात, पत्रे बागेपलीकडे जाऊन पडले. परत आलो तर सुपारीची झाडं एकमेकांवर आडवी, पाऊल टाकायला जागा नाही, आणि लाईट यायला कित्येक दिवस गेले. पण घरातलं माणूस एकही दुखावलं नाही कारण आम्ही वेळेवर निघालो. अजून एक, वादळाचं केंद्र डोक्यावरून जात असलं की मध्येच वारा एकदम पडतो, माणसं बाहेर येतात, आणि मग उलट्या दिशेने झोडपायला लागतं. माड पडवीला लागून आहेत म्हणता, आईला त्या बाजूच्या खोलीत झोपू देऊ नका.

हर्णैचा_खलाशी:
आमच्याकडे मेसेज नंतर, आधी बंदरावरचा वादळाच्या इशाऱ्याचा बावटा बघतात. तीन नंबर लागला की होड्या खाडीत घेतात. तौक्तेच्या वेळी मे 2021 मध्ये वादळ किनाऱ्याला न लागता बाहेरून गुजरातकडे गेलं तरी इकडे झाडं, विजेचे खांब पडलेच. लांबून जातंय म्हणून बाहेर फिरायचं नाही.

ठाण्यातला_गुहागरकर:
खूप आभार. जिल्ह्याचा रंग आणि नाऊकास्ट हा फरक आज कळला. आत्ताच आईला फोन केला, शेजारच्या काकांचं घर स्लॅबचं आहे, रेड आला की कपडे वाळत असले तरी तिकडे जायचं असं तिच्याकडून कबूल करून घेतलंय. माड उतरवायचे का हे ती अजून ऐकत नाहीये, बाबांनी लावलेले आहेत. निदान वाळलेली झापं आणि नारळ तरी उद्याच पाडून घेतो.