ओबीसी महिला, गुण जास्त, तरी ओपन महिलांच्या जागेवर नाव नाही. मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जावं का?

अबोली:
राज्य शासनाच्या एका कार्यालयाची लिपिक-टंकलेखक भरती. अंतिम निवड यादी लागून ११ दिवस झाले. माझे गुण १४२, प्रवर्ग ओबीसी महिला. ओबीसी महिलांचा कटऑफ १४६, ओपन महिलांचा १३८. कार्यालयात सांगितलं, ‘फॉर्म ओबीसीतून भरलाय, ओपन महिलांच्या जागा ओपनवाल्यांच्याच.’ हे बरोबर आहे का? जायचं कुठे आणि किती दिवसांत?

सेवानियम:
बरोबर नाही. ओपन हा कुणाचा राखीव कोटा नव्हे. सौरव यादव विरुद्ध उत्तर प्रदेश (२०२०) यात सुप्रीम कोर्टासमोर नेमकं हेच होतं, पोलीस शिपाई भरती आणि जास्त गुणांची ओबीसी महिला. आपल्याकडे १३ ऑगस्ट २०१४ च्या परिपत्रकावरून हा घोळ वर्षानुवर्षं चालला, १९ डिसेंबर २०१८ च्या शुद्धिपत्रकाने तो सुधारला. तरी जुनीच पद्धत काही टेबलांवर जिवंत आहे.

पण आधी एक सांगा, वयाची सवलत घेतली होती का? तशी सवलत घेतलेल्यांना ओपनमध्ये धरायचं की नाही हे त्या भरतीच्या नियमांवर ठरतं. नियमात मनाई असेल तर दीपा ई. व्ही. (२०१७) निकाल तुमच्या विरुद्ध दाखवतील.

अबोली:
नाही, वय ओपनच्या मर्यादेतच आहे.

बिंदुनामावली:
मग केस आहे, पण १३८ पेक्षा जास्त गुण म्हणजे जागा तुमचीच असं नाही. आधी यादी स्वतः लावून बघा. समजा ओपनच्या ३० जागा, त्यात महिला ३० टक्के म्हणजे ९. जात न बघता गुणांनी पहिले ३० घ्यायचे. त्यात ९ महिला आल्या तर विषय संपला. ६ च आल्या तर तळाचे ३ पुरुष काढून गुणवत्ता यादीतल्या पुढच्या ३ महिला घ्यायच्या, प्रवर्ग कुठलाही असो. आता १४३ ते १४५ मध्ये निवड न झालेल्या ओबीसी, एससी, एनटी महिला किती, ते मोजा. त्या तुमच्या आधी लागतात. त्यांनी जागा भरत असतील तर तुम्ही केस जिंकूनही जागा त्यांना जाईल. प्रवर्ग आणि लिंगासह पूर्ण गुणवत्ता यादी वेबसाइटवर नसेल तर माहिती अधिकारात मागा. दहा रुपये, एकच विषय, १५० शब्दांच्या आत. मात्र ३० दिवस त्या उत्तराची वाट बघत बसू नका.

कोर्टाची पायरी:
राज्य शासनाचं पद आहे, म्हणजे मॅट. थेट हायकोर्टात गेलात तर चंद्रकुमार निकाल (१९९७) दाखवून परत पाठवतील. मॅटचा निकाल विरुद्ध गेला तर मग हायकोर्टाचं खंडपीठ.

उद्याच नियुक्ती प्राधिकाऱ्याला लेखी निवेदन द्या आणि आवक शाखेचा शिक्का असलेली पोच ठेवा. मॅटमध्ये जायची मुदत कायद्याने एक वर्ष. निवेदनाला सहा महिन्यांत उत्तर आलं नाही तर तिथून पुढे एक वर्ष. तेच निवेदन पुन्हा पुन्हा दिल्याने मुदत वाढत नाही, इथे बरेच जण फसतात. खरी मुदत तर नियुक्तिपत्रं निघेपर्यंतचीच समजा. लोक रुजू झाले की त्यांना हलवायला कुठलंही न्यायाधिकरण कचरतं. म्हणून मॅटच्या मूळ अर्जातच अंतरिम मागणी हवी: एक जागा रिकामी ठेवा, निदान नियुक्त्या या अर्जाच्या निकालाच्या अधीन राहतील असा आदेश द्या.

प्रतिवादी चुकल्यामुळेही अर्ज पडतात. नुसतं शासन आणि कार्यालय पुरत नाही. १३८ वर लागलेल्या उमेदवारालाही प्रतिवादी करा, तिची जागा जाणार आहे. ‘संपूर्ण यादी रद्द करा’ अशी मागणी मात्र टाळा. तेवढी मोठी मागणी केली की निवडलेले सगळेच अंगावर येतात, तुम्हाला हवी आहे एक जागा.

सेवानियम:
जाहिरात नीट वाचा. ‘ओपन महिलांच्या जागा फक्त ओपनला’ असं तिथेच छापलं असेल तर सरकारी वकील मदनलाल (१९९५) काढतील, म्हणजे अट माहीत असून परीक्षा दिली आणि नापास झाल्यावर हरकत घेतली. जाहिरातीत तसं नसेल आणि घोळ यादी लावतानाच झाला असेल तर तो मुद्दा टिकत नाही.

अबोली:
जाहिरातीत तसं काही नाही. मैत्रिणीचंही असंच झालंय, तिची भरती जिल्हा परिषदेची. दोघींचा एकच अर्ज चालेल?

कोर्टाची पायरी:
नाही. जिल्हा परिषद मॅटच्या कक्षेत येत नाही, तिला हायकोर्टात रिट याचिका करावी लागेल. तिच्या जाहिरातीचे नियम वेगळे असतील, तेही आधी तपासायला सांगा.