बाटलीत सोंडे झाले, आबाजी जिंकले. आता पोरीले काय सांगू?

पऱ्हाटीवाला (दारव्हा तालुका)
राम राम मंडळी. प्रश्न जरा इचित्र आहे, हसू नका. माही पोरगी यंदा दहावीले आहे. सायन्सच्या दुसऱ्या भागात पहिलाच धडा आनुवंशिकता अन उत्क्रांतीचा. त्यात आहे का सुरुवातीले पृथ्वीवर कोनताच जीव नव्हता, समुद्रात रसायनं एकमेकात मिसळत गेले अन त्यातून पहिला जीव झाला. तिनं थे मोठ्यानं वाचलं, तं आमचे आबाजी खाटेवरून म्हनते, "मंग मी काय येगळं सांगतो? ज्वारीत सोंडे कोनी आनून टाकते काय? उबाऱ्यानं आपसूक होते." आबाजी माळकरी, ऐंशीच्या वर वय, गावात नुकताच सप्ता झाला अन बुवानं चार खानी समजावून सांगतल्या, जारज अंडज स्वेदज उद्भिज. म्हंजे पोटातून होते थे, अंड्यातून होते थे, घामा-उबाऱ्यातून होते थे अन जमीन फोडून येते थे. सोंडे, उवा, मिरगाचे लाल किडे सारे स्वेदजात.

पोरगी तं पोरगीच. तिनं बाटली धुऊन वाळवून त्यात ढोलीतली ज्वारी भरली, बूच घट्ट लावलं अन वरून मेनबत्तीचं मेन. म्हने आता बाहेरून मुंगी पन जात नाई. सव्वा महिन्यानं पाह्यलं तं बाटलीत सोंडेच सोंडे! आबाजी पारावर सांगत फिरून राह्यले का नात हरली.

आता माहा खरा प्रश्न. पाश्चर नावाच्या फ्रेंच शास्त्रज्ञानं सिद्ध केलं का जीव जीवापासूनच होते. अन हाच धडा म्हनते पहिला जीव रसायनातून झाला. दोन्ही खरं कसं? देव हाय का नाई याच्यावर भांडन नका करू, माह्या घरी सध्या तेवढं पुरेसं आहे.

बोंडअळीग्रस्त
भाऊ आमच्या पऱ्हाटीत गुलाबी अळी पन आपसूकच होते अन तिच्यामागून कृषी केंद्रवाला पन 😄

रिटायर मास्तर (वाशीम)
हसण्यावारी नेऊ नका, पोरीचा प्रयोग फार मोलाचा आहे, फक्त एक गोष्ट राहून गेली. सोंड्याची मादी सोंडेनं दाण्याला बारीक भोक पाडते, आत एक अंडं घालते आणि वरून चिकट द्रवानं भोक बुजवून टाकते, आपल्याला नुसत्या डोळ्यानं दिसत नाही. अळी आतल्या आत दाणा पोखरते आणि साधारण महिन्याभरानं पूर्ण सोंडा होऊन बाहेर पडतो. म्हणजे बूच लावलं तेव्हा चोर घरातच होता.

आणि तुमच्या घरातलं भांडण युरोपात दोनशे वर्षं चाललं बरं का. १६६८ साली इटलीत फ्रान्सेस्को रेडीनं बरण्यात मांस ठेवलं, काही उघड्या, काहींवर जाळीचं कापड. माशा ज्यावर बसल्या त्याच मांसात अळ्या झाल्या. मग १७४५ च्या सुमारास नीडहॅम नावाच्या इंग्रज पाद्रीनं रस्सा उकळून बूच लावलं, तरी त्यात जीव झाले, तो म्हणाला पाहा आपोआप झाले. (तुमचे आबाजी म्हणजे हाच.) पुढं स्पॅलान्झानीनं जास्त वेळ उकळलं, तर काही झालं नाही. गंमत म्हणजे स्पॅलान्झानीही पाद्रीच, म्हणजे हे धर्म विरुद्ध विज्ञान असं सरळ कधी नव्हतंच.

आता तुमचा मुख्य प्रश्न. पाश्चरनं १८६० च्या आसपास दाखवलं ते इतकंच की आजच्या हवेत, उकळलेल्या रश्शात, काही महिन्यांत सूक्ष्मजीव आपोआप होत नाहीत. त्यानं ४०० कोटी वर्षांपूर्वीच्या समुद्राबद्दल काही सिद्ध केलेलं नाही. आबाजी म्हणतात अख्खा सोंडा, सहा पाय, सोंड, पोट सगळं तयार, एका महिन्यात उबाऱ्यातून. पुस्तक म्हणतं सोंड्यापेक्षाच काय, साध्या जंतूपेक्षाही कितीतरी साधं काहीतरी, तेही कोट्यवधी वर्षांत, आणि तेव्हा हवेत मोकळा ऑक्सिजन जवळजवळ नव्हता. आज असं काही कुठं जमू लागलंच तर ऑक्सिजन त्याची वाट लावेल, नाहीतर आधीचे जंतू खाऊन टाकतील. डार्विननंही १८७१ मध्ये एका पत्रात जवळपास हेच लिहिलं होतं, कोमट पाण्याच्या डबक्याची कल्पना त्याच पत्रातली.

विदर्भाचा_वाघ_७
पाश्चात्त्यांनी आत्ता शोधलं, आपल्याकडं दशावतारात आधीच आहे. मत्स्य पाण्यातला, कूर्म पाणी-जमीन दोन्हीकडचा, वराह जमिनीवरचा, नरसिंह अर्धा पशू. सरळ उत्क्रांती. अभिमान बाळगा.

रिटायर मास्तर (वाशीम)
वाघोबा, अभिमान आहेच, पण मत्स्यावतार झाला तेव्हा मनू आधीच होता ना, माणूस माशाच्या आधी? मासा त्याच्या ओंजळीत आला अशीच कथा आहे. कथेला कथा राहू द्या. मला विचाराल तर आपल्याकडचं खरं धाडस ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात आहे, १२९ वं सूक्त, नासदीय. ही सृष्टी कुठून झाली विचारतं, देवसुद्धा नंतरचे म्हणतं, आणि शेवटी म्हणतं की जो परम आकाशात बसून हे पाहतो त्याला ठाऊक असेल, किंवा त्यालाही नसेल. सप्त्यात कोणी बुवा यावर बोलला तर मी पहिल्या रांगेत बसेन.

निळी_पहाट (यवतमाळ)
जय भीम दादा. आमच्या घरी हा प्रश्न वेगळ्या तऱ्हेनं सुटला, म्हणजे सुटलाच नाही म्हणा. मी लहानपणी बाबांना विचारलं की बुद्धानं जग कोणी बनवलं सांगितलं का, तर त्यांनी मालुंक्यपुत्ताची गोष्ट सांगितली. तो भगवंताला म्हणतो, जग शाश्वत आहे की नाही ते आधी सांगा, नाहीतर मी संघ सोडतो. तर भगवान म्हणतात, विषारी बाण लागलेला माणूस म्हणाला की बाण मारणारा कोणत्या जातीचा, उंच की बुटका, हे कळल्याशिवाय बाण काढू देणार नाही, तर तो मरूनच जाईल. मला तेव्हा राग आला होता, वाटलं उत्तर टाळलं. नंतर बीएस्सीला मायक्रोबायोलॉजी घेतली तेव्हा कळलं की "कारण असेल तर कार्य होतं" एवढं पकडून ठेवलं की प्रयोगशाळेत अडचण येत नाही. पण बाण काढायचा तर तो कशाचा आहे हे पाहावं लागतंच, असं माझं अजूनही मत आहे, बाबांशी यावर वाद होतो.

खाऱ्या_पाण्याचा (लोणारजवळचा)
कोनी लोणारचं नाव नाई काढलं म्हनून मी काढतो. आमच्याकडं म्हनतात लवणासुराले विष्णूनं मारलं, सरोवर थ्याच्याच गुहेच्या जागी, अन २०२० च्या जूनमधी पानी गुलाबी झालं तेव्हा म्हातारे म्हने रगत वर आलं. पुण्याच्या लोकायनं पानी तपासलं तं मिठात जगनारे सूक्ष्मजीव निंघाले, हॅलोआर्किया, थेच गुलाबी असते. जीव उल्केवरूनच आला असं पन मी वाचलं, मंग आपलं लोणारच मूळ गाव नाई काय? 😀

रिटायर मास्तर (वाशीम)
नाही हो, लोणारची उल्का अगदी अलीकडची, ती ज्या काळ्या दगडावर पडली तो दगडच साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. जीव त्याच्या कितीतरी आधीचे, ऑस्ट्रेलियात सुमारे ३५० कोटी वर्षांपूर्वीच्या खुणा सापडल्यात. पण उल्केतून कच्चा माल आला असू शकतो. १९६९ मध्ये ऑस्ट्रेलियातच मर्चिसनला उल्का पडली, तिच्यात अमिनो आम्लं, म्हणजे प्रथिनं ज्यापासून बनतात ती रसायनं, मिळाली. आणि तोच कच्चा माल इथंही तयार होतो, स्टॅनले मिलर नावाच्या पोरानं, वय तेव्हा बावीस-तेवीस, मिथेन अमोनिया हायड्रोजन आणि पाण्याची वाफ काचेच्या बंद भांड्यात फिरवून विजेच्या ठिणग्या सोडल्या, आठवडाभरात अमिनो आम्लं. १९५३ ला छापलं. आता म्हणतात सुरुवातीच्या पृथ्वीवरची हवा बहुधा तशी नव्हती, कार्बन डायऑक्साइड आणि नायट्रोजन जास्त. आणि अमिनो आम्ल म्हणजे जीव नव्हे, विटा पडल्या म्हणजे घर झालं असं नाही. विटांपासून घर कसं उभं राहिलं ते अजून कोणी करून दाखवलेलं नाही, हे पोरीला स्पष्ट सांगा. पुस्तकात एका ओळीत उरकतात म्हणून ते आबाजींच्या सोंड्यासारखं वाटतं.

पऱ्हाटीवाला (दारव्हा तालुका)
मास्तर, तुमचं सारं वाचून दाखोलं. पोरीनं लगेच ज्वारी तव्यावर चांगली गरम केली का आतले अंडे मरावं, थंडी करून बाटलीत भरून राह्यली होती, तं आबाजी म्हनते, "तू तिच्यातला जीवच भाजला, आता उगवनार पन नाई थे, सोंडे कुठून होतीन? हा काय प्रयोग झाला?" अन मले खरं सांगतो, मले थे पटलं. पोरगी रडाले आली.

रिटायर मास्तर (वाशीम)
आबाजींना माझा नमस्कार सांगा. नीडहॅमनं स्पॅलान्झानीला अगदी हेच म्हटलं होतं, की तू जास्त उकळून रश्शातली जीवनशक्तीच मारलीस. पाश्चरनं त्यावर बूच न लावता हंसाच्या मानेसारखी वाकडी नळी ठेवली, हवा आत जाईल पण धूळ वाकणात अडकेल. रस्सा तसाच स्वच्छ राहिला, भांडं कलतं करून धुळीला लावला की नासला. म्हणजे रश्शात काही कमी नव्हतं.

तुम्ही दोन बाटल्या करा. दोन्हीत तीच भाजलेली ज्वारी. एकीचं तोंड उघडं, दुसरीवर दाट विणीचं कापड घट्ट बांधा. दोन्ही ढोलीजवळ ठेवा, जिथं सोंडे फिरतात. भाजून शक्ती मेली असेल तर उघडीतही पिल्लं होणार नाहीत. फक्त उघडीत झाली तर आबाजींनी विचार करावा.

पऱ्हाटीवाला (दारव्हा तालुका)
आज ठेवल्या बाटल्या. कापड कोनतं लावाचं यावर अर्धा घंटा गेला, पोरीची ओढनी आबाजीले जाळीदार वाटली, म्हने यातून सोंडा काय हत्ती जाईन. शेवटी त्याईनंच आपल्या जुन्या धोतराचा तुकडा फाडून देल्ला अन गाठ पन सोता मारली, पोरीले हात लावू देल्ला नाई. महिन्याभरानं सांगतो.