चाळीतला सेन्सर चालू आहे, पण रोज पहाटे फायरस्टोअरमध्ये एंट्री पडायची थांबते

चाळकरी_निफाड:
नमस्कार मंडळी, निफाडला आमची कांद्याची चाळ आहे, तिथे ईएसपी३२ ला (वायफायवाला छोटा बोर्ड) डीएचटी२२ (आर्द्रता मोजणारा सेन्सर) जोडलाय. आर्द्रता ७० टक्क्यांच्या वर गेली की फायरस्टोअरमध्ये (गूगलचा ऑनलाइन डेटाबेस) एंट्री पडावी आणि वडिलांना मोबाइलवर दिसावी एवढंच करायचंय, कारण चाळीत दमटपणा वाढलेला वेळेवर कळला नाही तर माल सडतो आणि वास येईपर्यंत उशीर झालेला असतो. आठवडा झाला, रोज पहाटे पाचच्या आसपास एंट्र्या बंद होतात आणि दुपारी साडेबारा वाजून गेले की आपोआप चालू, मी हात पण लावत नाही! राउटर बदलून बघितला, तेच. बोर्ड लॅपटॉपला जोडून सीरियल मॉनिटरवर बघितलं तर रीडिंग व्यवस्थित दिसतात. लूपमध्ये वाचतो, ७० च्या वर असेल तर पाठवतो, मग २ सेकंद डिले. काय चुकतंय?

तार_आणि_रेझिस्टर:
साडेबारा वाचलं आणि लगेच डोक्यात आलं, तुमचा कोटा संपतोय. फायरस्टोअरच्या फुकटच्या प्लॅनमध्ये दिवसाला २०,००० राइट्स (एंट्री लिहिणं) मिळतात आणि तो दिवस अमेरिकेच्या पॅसिफिक वेळेने मध्यरात्री बदलतो, म्हणजे सध्या आपल्याकडे दुपारी साडेबाराला. २ सेकंद डिले आणि रिक्वेस्टला साधारण एक सेकंद धरा, २०,००० एंट्र्यांना ६०,००० सेकंद, म्हणजे १६ तास ४० मिनिटं. साडेबारापासून मोजा, पहाटेचे पाच वाजून दहा मिनिटं. रिस्पॉन्स कोड प्रिंट करून बघा, ४२९ दिसेल, म्हणजे मर्यादा संपली.

बांधावरचा_कोडर:
कोटा संपतोय हे खरं, पण मुळात पावसाळ्यात बाहेरची हवाच ७० च्या वर असते, त्यामुळे तुमची अट दिवसभर खरीच राहते आणि दर फेरीला एंट्री जाते. अट खरी आहे म्हणून लिहायचं नाही, खोटीची खरी झाली त्या क्षणी एकदाच लिहायचं. आधीची स्थिती एका व्हेरिएबलमध्ये ठेवा, ७० च्या वर सलग तीन रीडिंग आली तर 'दमट', आणि परत 'ठीक' करायचं ते ६६ च्या खाली गेल्यावरच, नाहीतर ६९.९ आणि ७०.१ मध्ये झोके खात बसेल. आणि भाऊ एक गोष्ट नक्की करा, डीएचटी२२ ची वायर सुटली की लायब्ररी नॅन (म्हणजे 'हा आकडाच नाही') देते, नॅन कशाहीपेक्षा मोठा किंवा लहान आहे का असं तपासलं तर उत्तर खोटंच येतं, म्हणजे सेन्सर मेला तरी कोडला सगळं ठीकच वाटणार. नॅन वेगळा तपासा, आणि दर १५ मिनिटांनी एक 'मी जिवंत आहे' एंट्री पाठवा, दिवसाला ९६ च होतात.

चाळकरी_निफाड:
४२९ च निघाला! दोघांचे मनापासून आभार, आठवडाभर मी राउटरच्याच मागे होतो. स्थिती बदलली तरच लिहितोय आता, कालपासून आज दुपारपर्यंत शंभरच्या आसपास एंट्र्या. पण लाइट गेली की राउटर बंद, बोर्ड पॉवर बँकवर चालूच, तेवढ्यात स्थिती बदलली तर ती एंट्री हरवते, त्याचं काय करायचं?

तार_आणि_रेझिस्टर:
राइट फेल झालं की एंट्री लिटलएफएसच्या (बोर्डाच्याच मेमरीतली फाइल सिस्टीम) फाइलमध्ये टाका, वायफाय आलं की तिथून पाठवा आणि यशस्वी उत्तर आल्यावरच पुसा. यात वेळ सर्व्हरची घेऊ नका, नाहीतर पहाटे तीनची घटना सकाळी सातची दिसेल. बोर्ड चालू झाला की एनटीपीवरून (इंटरनेटवरची घड्याळ सेवा) वेळ घ्या (आपल्यासाठी यूटीसीपासून ऑफसेट १९८०० सेकंद) आणि घटनेची वेळ तिथेच नोंदवा. डॉक्युमेंटचा आयडी पण बोर्डाचं नाव आणि ती वेळ मिळून बनवा, म्हणजे तीच एंट्री दोनदा गेली तरी डुप्लिकेट होणार नाही. फायरस्टोअरचे रूल्स (कोणाला लिहिता-वाचता येईल ते) अजून टेस्ट मोडवर असतील तर ३० दिवसांनी त्यांची मुदत संपते आणि एंट्र्या नाकारल्या जातात, आत्ताच बघून घ्या.