'ड्रिफ्टर्स'मधली खोटी केबिन: चालते की नाही?

नांगर: जॉन ग्रीअरसनचा 'ड्रिफ्टर्स' (१९२९) परत पाहिला. उत्तर समुद्रातल्या हेरिंगच्या मासेमारीवरचा मूकपट. बोटीतली केबिन म्हणजे स्कॉटलंडमधल्या लर्विक बंदराच्या धक्क्यावर उभारलेला सेट आणि पाण्याखालचे मासे प्लिमथच्या टाकीतले, हे आता सर्वज्ञात आहे. तरीही माझ्या लेखी तो अस्सल माहितीपट आहे. जाळी ओढणारे हात खऱ्या खलाशांचे आहेत आणि समुद्रही खराच खवळलेला आहे.

भरती_ओहोटी: अजिबात पटलं नाही. १८९५ साली, सिनेमाच्या अगदी आरंभी, फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंनी तिथल्याच ला सिओताच्या बंदरातून बाहेर पडणारी होडी टिपली. जेमतेम पाऊण मिनिट, कॅमेरा जागचा हलत नाही. शेवटी लाट होडीला आडवी करते, वल्ही मारणारे झगडत राहतात आणि रीळ संपतं. त्या लाटेला कुणी सांगून ठेवलं नव्हतं! ग्रीअरसन टाकीतले मासे समुद्रातले म्हणून दाखवतो.

नांगर: पण ला सिओताच्या धक्क्यावर उभ्या बायका-मुलं ल्युमिएरांच्याच घरची आहेत. मांडणी तिथेही आलीच. शिवाय होडी कुठे निघाली, कशासाठी, काहीच कळत नाही. 'ड्रिफ्टर्स'मध्ये रात्री सोडलेली जाळी, मासळी घेऊन बंदराकडे धाव, लिलाव, पिंपं भरणं, सगळी साखळी दिसते.

खारा_वारा: तुम्ही दोघंही केबिनमध्येच अडकलात. पैसा कुणाचा होता? ब्रिटिश साम्राज्याचा माल खपवणाऱ्या सरकारी एम्पायर मार्केटिंग बोर्डाचा. विषय हेरिंग, कारण अर्थखात्याचे सचिव आर्थर सॅम्युएल यांनी हेरिंगवर पुस्तक लिहिलं होतं आणि खर्चाला त्यांचा होकार हवा होता. पहिल्या महायुद्धानंतर रशिया-जर्मनीची गिऱ्हाइकी आटून हा धंदा खचत होता. पडद्यावर दिसते ती वाफेची आणि पोलादाची शौर्यगाथा. खलाशाच्या घरी किती पैसे पोचले? हे लपवणं मला सेटपेक्षा कितीतरी गंभीर वाटतं.

नांगर: मुद्दा वजनदार आहे. तरी काळ बघा. तेव्हाच्या ब्रिटिश स्टुडिओपटांत कष्टकरी बहुधा विनोदापुरता यायचा. इथे अख्खा चित्रपट त्याच्या कामावर उभा आहे. सरकारी पैशातून एवढं निघालं, हे मला मोठं वाटतं.

भरती_ओहोटी: मोठं आहेच, म्हणून तर जास्त खुपतं. मूकपटात मजकुराच्या पाट्या होत्याच ना? 'केबिन धक्क्यावर उभारलेली आहे' एवढी एक पाटी घालायला काय हरकत होती?