'बुडून' लिहिलं, पण कशातून बुडाला ते कोण लिहिणार?

कोडवाली_पुणे
अमेरिकेतल्या हॉस्पिटलांच्या फायली मी पुण्यात बसून कोड करते, म्हणजे फाइलमधल्या प्रत्येक आजाराला, इजेला ठरलेला क्रमांक लावते. बुडालेला पेशंट आला की पहिला कोड ठरलेला, टी७५.१. मग श्वसन निकामी झालं असेल, मेंदूला प्राणवायू कमी पडला असेल, तर त्याचे कोड. इथवर गाडी सुरळीत चालते. अडते ती 'कसं झालं' या कोडपाशी. बोट उलटली किंवा बुडाली तर व्ही९०. बोट धड आहे पण माणूस तिच्यावरून पाण्यात पडला, तर व्ही९२. नदीत पोहताना बुडाला तर डब्ल्यू६९. आणि फाइलमध्ये काय, तर 'पाण्यातून बाहेर काढलं'. बस्स. आता मी कोड काय लावू, कपाळ?

माझं मत: आपल्या हॉस्पिटलांत हा 'कसं झालं'चा कोड सक्तीचा करा. मृत्यूच्या कारणाच्या दाखल्यात, म्हणजे फॉर्म ४ मध्ये, 'इजा कशी झाली' ही ओळ छापलेलीच असते. तिथं 'बुडून' लिहून मोकळे होतात. अहो, ते वर लिहून झालंय! 'होडी उलटून, लाइफजॅकेट नव्हतं' एवढ्याला कितीशी शाई लागते?

रात्रपाळी_डॉक
शाई नाही लागत, माहिती लागते. पेशंट येतो तेव्हा तोंडाला फेस, सॅच्युरेशन लागत नाही. सोबत एक अनोळखी माणूस, ओलाचिंब. तो सांगतो, 'साहेब, मी नुसता गाडीत घातला.' होडी होती, ट्यूब होती की काठावरून पाय घसरला, हे मला कोण सांगणार? शिवाय केस मेडिकोलीगल, म्हणजे पोलीस-कोर्टाची. ऐकीव लिहिलं आणि उद्या कोर्टात वकिलानं विचारलं, 'होडी तुम्ही पाहिलीत का?', तर उत्तर द्यायला तुम्ही येणार का, ताई?

कोडवाली_पुणे
'आणणाऱ्याच्या सांगण्यानुसार' असं लिहा ना, डॉक्टर. साप चावलेल्याच्या फाइलवर लिहिताच की. तिथं तरी साप कुठे पाहिलेला असतो?

हिशेबी
ताईंच्या अमेरिकेत तरी हा कोड देशभर सक्तीचा कुठे आहे? एखाद्या राज्यानं किंवा विमा कंपनीनं मागितला तर द्यायचा. इकडे बोटींचा आकडा हवा असेल तर एनसीआरबीचा, म्हणजे राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाचा अहवाल उघडा, बुडण्याच्या सदरात 'बोट उलटून' हा रकाना आहे. पोलीस मोजतायत, मग हॉस्पिटलनं तेच परत कशाला मोजायचं? आधीच कारकून कमी.

खाडीकाठ
हिशेबी, पोलीस मेलेल्यांना मोजतात. वाचला पण मेंदूला मार बसून अंथरुणाला खिळला, तो कुठल्या रकान्यात? २००२ साली ॲम्स्टरडॅमच्या परिषदेत बुडण्याची जी व्याख्या ठरली तिच्यात मरण ही अट नाहीच. पाण्याखाली श्वासाला अडथळा आला की ते बुडणं. माणूस मरो, अधू होवो की ठणठणीत घरी जावो.

दुसरं, जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१४ च्या अहवालात वर्षाला ३,७२,००० मृत्यू असा आकडा आहे. त्यात बोटींचे अपघात आणि पूर धरलेलेच नाहीत, कारण त्यांचे कोड वेगळ्या कप्प्यात जातात. तेव्हा नुसता कोड लावून भागत नाही, तो पुढे कुठल्या बेरजेत धरला जातो तेही बघा.

तिरकस
इथेच तर मला सक्ती पटत नाही. दोन आपल्याच घटना घ्या.

२१ मे २०२४, उजनी धरण. कुगाव-कळाशीची होडी वादळी वाऱ्यात उलटली. सहा जण गेले, एक जण पोहत काठाला लागला. व्ही९० ना? पण कोडांच्या पुस्तकातच टीप आहे की नैसर्गिक आपत्तीमुळे झालेला वाहतूक अपघात या गटात घ्यायचा नाही, तो एक्स३४ ते एक्स३८ मध्ये टाकायचा. मग ती होडीची केस की वादळाची? एक कोडर इकडे टाकेल, दुसरा तिकडे. आणि वादळाच्या कप्प्यात गेली की होडीत लाइफजॅकेट होती का, हे विचारायला कोणी येणार नाही.

१८ डिसेंबर २०२४, मुंबई. इंजिनाच्या चाचणीवर असलेली नौदलाची स्पीडबोट घारापुरीला निघालेल्या 'नीलकमल' या प्रवासी बोटीवर आदळली. दोन्हींवरचे मिळून १५ जण गेले. ताईंच्या अमेरिकी पुस्तकात हा अपघात व्ही९० मध्ये बसतच नाही. नागरी बोट आणि लष्करी बोट यांच्या अपघाताला व्ही९४.८१०, आणि त्याच्या वर्णनात बुडण्याचा उल्लेखही नाही! कोडाची सक्ती म्हणजे फक्त चुकीच्या खणात नीटनेटकं ठेवणं.

कोडवाली_पुणे
तिरकसराव, वकिली माझीच केलीत. खण चुकला तर पुढे बदलता येतो, पण फाइलमध्ये 'होडी' हा शब्दच नसेल तर बदलणार काय? तो टी७५.१ निदानाच्या जागी राहतोच, त्यामुळे बुडालेला शोधून सापडतो. होडी मात्र डॉक्टरांनी लिहिली तरच सापडेल. कोडरला अंदाज बांधायची मुभा नाही आणि नसावीच.

तांडेलाचा_नातू
सगळे शहाणे एकत्र आलात म्हणून विचारतो. 'बोट उलटली' लिहिलं की खापर तांडेलावर, म्हणजे बोट चालवणाऱ्यावर. उतारू एका बाजूला सेल्फीला धावले, जेट्टीवर मोजणारा माणूस नव्हता, हवेचा इशारा वेळेत पोचला नाही, याला आहे का तुमच्याकडे कोड? नसेल तर ही सक्ती आमच्या पोटावर पाय आहे.

खाडीकाठ
भाऊ, कोड दोष ठरवत नाही. दोष चौकशीत ठरतो.

तांडेलाचा_नातू
चौकशी कोण वाचतो? आकडा पेपरात येतो.

रात्रपाळी_डॉक
मला निबंध लिहायला लावू नका. केसपेपरवर चौकटी छापून द्या: होडीतून, काठावरून, पोहताना, माहीत नाही. लाइफजॅकेट होतं, नव्हतं. टिक करीन आणि खाली 'सांगण्यानुसार' लिहून सही करीन. कोड तुम्ही काय घालायचा तो घाला.

हिशेबी
सगळे 'माहीत नाही'वर टिक करतील, लिहून ठेवा.

कोडवाली_पुणे
करू देत. किती जणांनी केलं ते तरी मोजता येईल. आज कोरी ओळ असते, ती कशी मोजायची?

तांडेलाचा_नातू
आणि लाइफजॅकेट बोटीवर होतं, पण टपाखाली दोरीनं बांधलेलं, त्याला कुठली चौकट?