होस्टोमेल का फसलं? युद्धाच्या पहिल्या दिवसाच्या तंत्रज्ञानाचं उगाच फार कौतुक होतं

तोफखाना
२४ फेब्रुवारी २०२२. रशियाची हेलिकॉप्टरं युक्रेनची राजधानी कीवच्या उत्तरेच्या जलाशयावरून पाण्याला चिकटून आली आणि शहराजवळच्या होस्टोमेलच्या विमानतळावर छत्रीधारी सैनिक उतरले. धावपट्टी ताब्यात घ्यायची, मागून आयएल-७६ या अवजड मालवाहू विमानांनी फौज आणायची आणि राजधानीत शिरायचं, असा बेत. युक्रेनने आपल्याच धावपट्टीवर तोफा डागून खड्डे पाडले. विमानं उतरलीच नाहीत. दुसऱ्या दिवशी बेलारूसकडून आलेल्या रणगाड्यांच्या जोरावर रशियाने विमानतळ घेतला खरा, पण तोवर धावपट्टी कामाची राहिली नव्हती. एवढी क्षेपणास्त्रं उडवूनही घोडं अडलं ते साध्या तोफगोळ्यांपाशी.

उंटावरचा शहाणा
साफ असहमत. १७ जानेवारी १९९१, आखाती युद्धाची सुरुवात आठवा. अमेरिकेच्या अपाचे लढाऊ हेलिकॉप्टरांनी इराकची सीमेलगतची रडार केंद्रं उडवली. अंधाऱ्या वाळवंटात त्यांना वाट दाखवायला पुढे जीपीएसवाली पेव्ह लो हेलिकॉप्टरं होती. त्या भगदाडातून विमानं आत गेली. जमिनीवरची चढाई सुरू झाली थेट २४ फेब्रुवारीला (तारखेचा योगायोग बघा) आणि १०० तासांत आटोपली. रशियाने हवाई हल्ले आणि रणगाडे एकाच दिवशी सोडले. दोष घाईचा आहे, यंत्रांचा नाही.

रात्रपाळी
घाई होतीच, पण रशियाचा नेमही चुकला. युक्रेनने हवाई संरक्षणाच्या बऱ्याच तुकड्या आधीच हलवल्या होत्या. कित्येक क्षेपणास्त्रं रिकाम्या जागी पडली. सायबरहल्ल्याचंही तेच. चढाईच्या तासभर आधी रशियाने व्हायासॅट या अमेरिकी कंपनीच्या उपग्रह-इंटरनेटसेवेचे मोडेम निकामी केले, तर त्याच सेवेवर चालणाऱ्या जर्मनीतल्या ५,८०० पवनचक्क्यांचं दूरनियंत्रण बंद पडलं! युक्रेनचं सैन्य मात्र लढत राहिलं.

तोफखाना
हेच तर म्हणतोय. जागा बदलायला ट्रक पुरतो. कीवजवळच्या इरपिन नदीकाठी तर युक्रेनने बांध फोडून पाणी सोडलं, काठ चिखलात गेला, रणगाडे रस्त्यांवर अडकले.

उंटावरचा शहाणा
बांध सगळीकडे नसतात हो. ५ जून १९६७ला, अरब-इस्रायल युद्धाच्या पहिल्या सकाळी, इजिप्तची विमानं जमिनीवरच जळाली, कारण सकाळची गस्त उतरल्याची वेळ इस्रायलने साधली, शिवाय हाताशी धावपट्टी फोडणारे खास बॉम्ब होते. वेळ आणि यंत्र, दोन्ही. नुसत्या वेळेने काँक्रीट फुटत नाही.

रात्रपाळी
आणि इजिप्तने आदल्या रात्री विमानं विखुरली असती तर? बॉम्ब तेच, वेळ तीच. मला त्याचं उत्तर हवंय.