स्थानिक नाव : ________ (बावीतल्या बिनडोळ्याच्या जिवाला काय म्हणावं?)

चिरेबंदी

नमस्कार मंडळी. एका रकान्यावर अडलेय, म्हणून हा धागा.

आमच्या गावात (रत्नागिरी तालुका, सडा, म्हणजे जांभ्याचं पठार, संपून उतार लागतो तिथे) जैवविविधता नोंदवही भरायचं काम चालू आहे. झाडं झाली, पाखरं झाली, खाडीतले मासे तर बायकांनी बसल्या बसल्या सांगितले. प्रत्येक नोंदीला 'स्थानिक नाव' हा रकाना आहे. तिथे पेन कधी थांबलं नव्हतं, आता थांबलंय.

मेअखेर बाव, म्हणजे आमची विहीर, उपसली. जांभ्यातली आहे, तीसेक फूट. शेवटचे पोहरे नुसत्या गाळाचे येतात. त्यातला एक मी माडाच्या मुळात ओतण्याआधी परातीत ओतला, हरवलेली अंगठी मिळते का बघायला (नाही मिळाली). गाळ बसल्यावर परातीत काहीतरी चालायला लागलं. तांदळाच्या कणीएवढं. पांढरं म्हणवत नाही, पेजेच्या निवळीसारखं आरपार. पोटातून एक तपकिरी रेघ, ती आतडी असावी. मिशा अंगापेक्षा लांब. मोबाइलचा टॉर्च थेट धरला तरी ढिम्म. डोळ्याच्या जागी काळा ठिपकासुद्धा नाही. लेकाने पाण्याला बोट लावलं मात्र, सटकन मागच्या मागे गेलं.

सासूबाईंना विचारलं, याला काय म्हणतात? त्या म्हणाल्या, "पाण्यातला जीव आहे, परत टाक." टाकला. पण हे काही रकान्यात लिहिता येत नाही.

शब्दखूळ

वा, झकास विषय. पाठ्यपुस्तकी वाटेने गेलात तर हा 'संधिपाद' संघातला 'कवचधारी' वर्गाचा प्राणी. 'कवचधारी' मला कधीच पटलेला नाही. कवच म्हटलं की कर्ण आठवतो, नाहीतर कासव. मूळ लॅटिन शब्द 'क्रस्टा', म्हणजे पापुद्रा, खपली, भाकरीचा वरचा पदर. कोळंबी सोलताना हाताला येतं ते कवच की साल? आपण 'सोलतो' म्हणतो. मग ती सालच.

आता 'जमिनीखालच्या पाण्यातला' हे कसं म्हणायचं? भूगर्भजल नको. भूगर्भ म्हटलं की लाव्हाच डोळ्यांसमोर येतो, आणि ताईंचा जीव तीस फुटांवर आहे. 'भूजल' सुटसुटीत, सरकारदरबारीही रुळलेला. जलचर, निशाचर, उभयचर या चालीवर 'भूजलचर' करून टाका.

पोहरा

शब्दखूळ, 'भूजलचर' शाळेच्या फळ्यावर लिहून बघा. तीस वर्षं सातवी-आठवीला शिकवलंय मी. पोरं त्याचा विग्रह 'भू आणि जल दोन्हीकडे चरणारा' असा करतील, म्हणजे बेडूक. आणि बेडकावरून आठवलं, आपल्याकडे विहिरीतल्या प्राण्याला शब्द आहे की! कूपमंडूक. फक्त तो आपण शिवी म्हणून वापरतो. खरं तर मंडूक चुकून विहिरीत पडलेला असतो. जन्मभर तिथेच राहणारा, बाहेरचं जग नसलेलाच, तो हा ताईंचा पाहुणा.

सुंगटखाव

चिरेबंदीताई, मी मालवणचो. आमच्यात तेका नाव नाय. जा खावक गावणा नाय, तेका नाव कोण ठेवतलो?

आता प्रमाण मराठीत. मी विनोद करत नाहीये. आमच्याकडे सुंगट, तुमच्याकडे कोळंबी, रायगडात बारीक असली तर करंदी. सोलून वाळवली की तीच 'सोडे'. बोटाच्या पेराएवढा तो जवळा, आणि तो काही कोळंबीचं पिल्लू नाही, वेगळाच प्राणी आहे, हे आमच्या आवशीला शास्त्र न शिकता ठाऊक. एवढी नावं कशी आली? बाजारातून आणि ताटातून. बावीतला जीव ना विकला जातो ना तळला जातो. नाव कुठून यायचं?

सूक्ष्मदर्शी

ताई, फोटो असेल तसा चढवा, पण त्यावरून मी जात-प्रजात सांगणार नाही. यात खूप प्रकार असतात आणि पाय-मिशा भिंगाखाली मोजल्याशिवाय कळत नाही. पण तुमच्या तालुक्याचं ऐकाच.

1979 साली संकोल्ली आणि शेणॉय यांनी एका आंधळ्या कोळंबीचं शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केलं. ती सापडली होती रत्नागिरीतल्या विहिरीत. नाव ठेवलं 'ट्रोग्लिंडिकस फ्रिॲटिकस'. प्रजातीच नाही, तर वंशही (जीनस) नवा होता. पहिल्या शब्दात ग्रीक 'ट्रोग्ल', म्हणजे बीळ, भोक, आणि पुढे 'इंडिकस'. दुसरा शब्द ग्रीक 'फ्रेआर'वरून, त्याचा अर्थ विहीर. सरळ मराठी केलं तर 'भारतीय बिळातली, बावीतली'. म्हणजे नाव आहे, पण ते अथेन्सच्या माणसाला कळेल, तुमच्या सासूबाईंना नाही.

असं नाव ठेवायची रीत जुनी आहे. युरोपात विहिरीतल्या अशाच एका आंधळ्या जिवाला 1836 मध्ये 'प्युटिॲनस' म्हटलं गेलं. लॅटिन 'प्युटेअस' म्हणजे विहीर. 1882 मध्ये प्रागच्या एका विहिरीत व्हेयदोव्स्की यांना 'बॅथिनेला' सापडली. ती तर रव्याच्या कणाएवढी. तिच्या गोत्रातले जीव अर्ध्या मिलिमीटरपासून साडेतीन मिलिमीटरपर्यंत, डोळे नाहीत, रंग नाही, वाळूच्या दोन कणांमधल्या फटीत आयुष्य काढतात. आपल्याकडे कृष्णा-गोदावरीच्या काठच्या वाळूतून आंध्रातले वाय. रंगा रेड्डी यांनी अशा बऱ्याच प्रजाती शोधल्या.

शब्दखूळ

'फ्रेआर' म्हणजे विहीर हे वाचून उडालोच. मग 'बाव' लावाच. संस्कृत वापी, प्राकृतात वावी, आपली बाव. पुण्याकडे हा शब्द हरवला, कोकणाने राखला. 'बावकोळंबी' कसं वाटतं?

आणि 'आंधळी' वर जरा बोलूया का? शीर्षकात ताईंनी 'बिनडोळ्याच्या' लिहिलंय, ते जाणूनबुजून की सहज?

चिरेबंदी

जाणूनबुजून. आंधळा म्हटलं की काहीतरी गमावल्यासारखं वाटतं. या जिवाचं काय गेलंय? तो परातीत माझ्यापेक्षा जास्त सावध होता.

पोहरा

मराठीत 'आंधळा' फार वाईट खात्यात जमा आहे. आंधळा कारभार, आंधळी माया, आंधळं दळतं नि कुत्रं पीठ खातं. त्यातल्या त्यात आंधळी कोशिंबीर तेवढी खेळकर. (आंधळी कोळंबी म्हणाल तर पोरं डोळ्याला फडकं बांधून खेळायला जातील.) उलट संस्कृतात 'अंधकूप' आहे. तिथे आंधळी आहे ती विहीर, आतला प्राणी नव्हे. गवताने तोंड झाकलेली, आत उजेड नसलेली. भागवतात त्या नावाचा एक नरकही आहे.

वैतरणाकाठ

नरकापर्यंत आलाच आहात तर मीही घुसतो. जमिनीखालच्या पाण्यात राहणाऱ्या सगळ्या जिवांना इंग्रजी शास्त्रभाषेत जो शब्द आहे, 'स्टायगोफॉना', त्यातली 'स्टिक्स' ही ग्रीकांची पाताळातली नदी. मेलेल्यांच्या देशाच्या वेशीवरून वाहणारी. आपल्याकडे ही जागा कोणाची? वैतरणीची! गोदान केलं असेल तर गाईचं शेपूट धरून पार व्हायचं, ती. आणि वैतरणा नावाची खरी नदी त्र्यंबकच्या डोंगरातून निघून आमच्या पालघर जिल्ह्यात समुद्राला मिळते. मग 'वैतरणीजीव' का नको? खाली रायगडात पाताळगंगा आहे, तीही हक्काने मागू शकते.

शब्दखूळ

कल्पना देखणी, वैतरणाकाठ, पण वापरात मार खाईल. पहिलं म्हणजे लोक समजतील की हा वैतरणेच्या पात्रातला मासा. दुसरं, ज्या पाण्यावर घरचा भात शिजतो त्यातल्या जिवाला मर्तिकाची नदी चिकटवायची? चिरेबंदीताईंच्या सासूबाई तुम्हाला बावीच्या काठावर उभं करणार नाहीत.

वैतरणाकाठ

मान्य. पण विहीर नि देवता जोडून नाव ठेवल्याचं उदाहरण मुंबईत आहे. 2019 मध्ये जोगेश्वरीतल्या एका विहिरीत डोळे नसलेल्या, बिनखवल्यांच्या वामीसारख्या माशाची नवी जात मिळाली. 'रक्तामिक्थिस मुंबा'. मुंबा म्हणजे आपली मुंबाआई. आणि विहीर कुठली, तर अंधांच्या संस्थेच्या आवारातली. कथेत लिहिलं असतं तर संपादकाने काढून टाकलं असतं.

सुंगटखाव

मुंबा झकास. नाव कसं हाक मारता येईल असं हवं.

केरळवाल्यांनी तर विहिरीतल्या एका लालसर, दोऱ्यासारख्या माशाला 'पँजिओ भुजिया' म्हटलंय, आलू भुजियावरून. बघा, शेवटी नाव ताटातूनच आलं!

पाणी गाळा

एक शंका. आमच्या लहानपणी नारूच्या (पाण्यातून अंगात शिरणाऱ्या जंताच्या) भीतीने घागरीला फडकं बांधायचे. त्या पाण्यात म्हणे 'सायक्लॉप्स' असायचा. हा तोच का? मग तो परत बावीत सोडणं बरोबर आहे का?

सूक्ष्मदर्शी

प्रश्न चांगला. सायक्लॉप्सही कवचधारीच, पण त्याला डोळा असतो, कपाळावर मधोमध एकच. नावही ग्रीक कथेतल्या एकाक्ष राक्षसाचं. नारूचं पिल्लू त्याच्या पोटातून माणसात जायचं, ते पायऱ्यांच्या विहिरीत, जिथे माणसं पाय बुडवून पाणी भरत. फडक्याने गाळलं की सायक्लॉप्स अडकायचा, उपाय एवढाच होता. भारतात नारूचा शेवटचा रुग्ण 1996 चा, आणि 2000 साली देश नारूमुक्त जाहीर झाला. ताईंच्या जिवाचा त्याच्याशी संबंध नाही.

आता मला 'बाव' या शब्दाबद्दलच हरकत घ्यायची आहे, शब्दखूळ रागावणार नसाल तर. हा जीव बावीतला नाहीच. जांभा म्हणजे भोकंच भोकं, चिरा हातात घेतलेल्या कोणालाही माहीत आहे. कोकणात पाऊस पडतो तो सड्यावरून त्या भोकांत मुरतो, खाली चिकणमातीचा थर लागला की अडतो आणि आडवा सरकत उतारावर झऱ्याने बाहेर येतो. या जिवाचं घर त्या भोकांत, सांदींत. तिथे उजेड नाही म्हणून शेवाळ नाही. पाण्याबरोबर झिरपत आलेला पाल्यापाचोळ्याचा अंश आणि त्यावरचे जिवाणू, एवढंच खाणं. म्हणून सगळं सावकाश. अंडी थोडी, वाढ हळू. डोळा नि रंग पोसायला खर्च येतो, आणि अंधारात दोन्ही बिनकामाचे, पिढ्यान्‌पिढ्या गळून जातात. मिशा मात्र लांब होतात, कारण चाचपडायला त्याच.

बाव ही आपण त्या घराला पाडलेली खिडकी. ग्रीक काय, लॅटिन काय, सगळ्यांनी खिडकीचं नाव घरातल्या माणसाला दिलंय.

शब्दखूळ

रागावत नाही, हरलो. पण मग कोकणी मराठीकडे त्या घराला शब्द आहे का?

पोहरा

आहे ना, ढिगाने. पाझर, उपळ, झरा, झर. पावसाळ्यात अंगणातून आपोआप येतं ते उपळ. बाव खणताना भिंतीतून येतं ती झर. 'झर लागली', 'झर आटली', 'झर जिवंत आहे'. राजापूरजवळची उन्हाळे गावची गंगा तर चक्क 'येते' नि 'जाते'. चौदा कुंडं आहेत, आणि लोक विचारतात, "गंगा आली का यंदा?" पाहुणीसारखं. सुंगटखाव म्हणतात ते खरं, खाता येत नाही त्याला आपण नाव दिलं नाही. पण पाण्याला दिलीत, आणि तीही माणसासारखी.

चिरेबंदी

काल आमची बाव उपसायला आलेल्या गड्यांतल्या म्हाताऱ्याबाबांना जाऊन भेटले. पन्नास वर्षं बावींत उतरतायत. परातीतल्या जिवाचं वर्णन केलं, तर हसले. "ती? ती काय बावीतली नव्हं. झरीच्या तोंडाशी हात घातला की हाताला गुदगुल्या करतात."

नाव विचारलं. नाव नाही म्हणाले. कोणी विचारलंच नव्हतं आजवर.

सूक्ष्मदर्शी

झरीच्या तोंडाशी! हे लिहून ठेवा, अक्षरशः. पुढच्या वेळी बारीक जाळीचं फडकं झरीच्या तोंडाला रात्रभर बांधून बघा. आणि बावीत पाणी शुद्ध करायची टीसीएल पावडर टाकतील त्याच्या आधी.

सुंगटखाव

झरीतला सुंगट. बस. आमच्या मालवणीत 'झरीतला सुंगट', तुमच्या रत्नागिरीत 'झरीतली कोळंबी'. पण ताईंनी तांदळाच्या कणीएवढं म्हटलंय, कोळंबी म्हटलं की लोक कालवणाची वाट बघतील.

शब्दखूळ

'झरझिंगी'? झिंग्याचं बारीक रूप, झऱ्याचा नाद, आणि 'झरझर' आपोआप ऐकू येतं.

पोहरा

नाद छान, पण तो तुमचा शब्द, गावाचा नव्हे. रकाना 'स्थानिक नाव' आहे.

चिरेबंदी

भरला रकाना. 'झरीतलं (नाव नाही)' असं लिहिलंय. पुढच्या 'शेरा' मध्ये बाबांचं गुदगुल्यांचं वाक्य जसंच्या तसं. शास्त्रीय नावाची जागा रिकामी ठेवलीय, सूक्ष्मदर्शी, ती तुमची. ग्रामसेवक म्हणाले कंसात नाव नाही कसं चालेल, फॉर्म परत येईल. म्हटलं येऊ दे.

झरझिंगी लेकाला आवडलंय, तो शाळेत तेच सांगत फिरतोय. अंगठी अजून मिळालेली नाही.